तिसरीतल्या मुलाचं मासिक उत्पन्न

मोटार अपघाताच्या नुकसानभरपाईसाठी न्यायाधिकरणापुढे जो अर्ज करतात, त्यात जखमी व्यक्तीचं नाव, वय, व्यवसाय आणि मासिक उत्पन्न असे रकाने असतात. जखमी व्यक्ती तिसरीत शिकत असली तरी रकाने तेच. व्यवसायापुढे 'शिक्षण' लिहून वेळ मारून नेता येते. उत्पन्नापुढे काय लिहायचं? रेघ मारली तर त्या रेघेचा अर्थ शून्य असा होतो, आणि शून्याला कशानेही गुणलं तरी काय येतं हे मी एकतीस वर्षं पोरांना शिकवलंय.

मी कोरेगाव भीमाचा. गणिताचा शिक्षक होतो, आता निवृत्त आहे. वकील नाही. पण आमच्या गावातून पुणे-नगर रस्ता जातो, आणि या रस्त्यावरच्या गावांत प्रत्येक शिकलेल्या माणसाला कधी ना कधी अपघाताचे कागद वाचावे लागतात. एका बाजूला वाघोली-लोणीकंद, दुसऱ्या बाजूला सणसवाडी-शिक्रापूर आणि पुढे रांजणगावची एमआयडीसी. कंटेनर, कंपन्यांच्या बस, उसाच्या ट्रॉल्या, आणि त्यांच्यामधून रस्ता ओलांडणारी दप्तरवाली पोरं. जुने विद्यार्थी आता बाप झालेत, ते फाइल घेऊन येतात. "सर, जरा बघा ना, हे गुणक म्हणजे काय असतं?"

गुणक समजावून सांगायला सोपा आहे. माणूस वर्षाला किती कमावतो ते घ्यायचं, त्याच्या वयाप्रमाणे ठरलेल्या आकड्याने गुणायचं. तरुण असेल तर आकडा मोठा, म्हातारा असेल तर लहान. अपघाताने कमावण्याची ताकद जेवढे टक्के गेली तेवढे टक्के त्या गुणाकाराचे काढायचे. हिशेब म्हणून यात काही खोट नाही. कमावत्या माणसाच्या बाबतीत तो बऱ्यापैकी न्याय्यही आहे, कारण त्याचं काय गेलं याचा अंदाज त्याच्या कालच्या आयुष्यावरून बांधता येतो. मुलाचा 'काल' फार लहान असतो. त्याच्याकडे असतो तो सगळा 'उद्या', आणि त्याचा पगारपत्रक कुणी देत नाही.

कायद्याने यावर जो पहिला तोडगा काढला तो असा. १९८८च्या मोटार वाहन कायद्यात १९९४ साली दुरुस्ती होऊन एक दुसरं परिशिष्ट जोडलं गेलं. त्यात ज्यांना काहीच उत्पन्न नाही त्यांचं काल्पनिक उत्पन्न वर्षाला १५,००० रुपये धरावं असं ठरलं. वय पंधरापर्यंत असेल तर गुणक १५. म्हणजे पूर्ण अपंगत्व आलेल्या मुलाचे दोन लाख पंचवीस हजार. मूल दगावलं तर 'ते स्वतःवर खर्च करणार होतं' म्हणून एक तृतीयांश वजा, म्हणजे दीड लाख. ही दुरुस्ती लागू झाली ती तारीख १४ नोव्हेंबर १९९४, बालदिन. योगायोगच असणार. केंद्र सरकारने महागाई बघून हे परिशिष्ट वेळोवेळी बदलावं अशी सोय त्याच कायद्यात होती, पण ते बदललं २०१८ साली. चोवीस वर्षं तो पंधरा हजारांचा आकडा जागचा हलला नाही. बरीच न्यायालयं या काळात त्याहून जास्त धरत गेली, पण ती त्या त्या न्यायाधीशांची समज. परिशिष्ट तसंच राहिलं.

आकडा लहान होता ही तक्रार झालीच, आणि ती बरोबर आहे. माझी अडचण मात्र आकडा मोठा केल्यानेही सुटत नाही. मुलाच्या पायाची भरपाई म्हणजे नेमकी कशाची भरपाई, हे मला अजून नीट कळलेलं नाही, आणि हा प्रश्न न्यायालयांनाही सतावतो असं निकाल वाचताना दिसतं.

आपल्याकडे यासाठी शब्द तीन-चार आहेत आणि ते आपण एकमेकांच्या जागी वापरतो. 'मोबदला' हा शब्द आमच्या भागात सगळ्यांच्या तोंडी आहे, कारण रस्त्यासाठी आणि कारखान्यांसाठी जमिनी गेल्या. गुंठ्याला काय भाव मिळाला हे कुणालाही विचारा, सांगेल. मोबदला म्हणजे एक दिलं, दुसरं घेतलं. 'भरपाई' म्हणजे खड्डा पडला तो बुजवला. 'दंड' म्हणजे चुकीची शिक्षा. आणि सरकारी कागदावरचा शब्द 'सानुग्रह अनुदान', म्हणजे हक्क नाही, कृपा आहे. आपल्या राज्यात पहिली ते बारावीच्या विद्यार्थ्यांसाठी अशी योजना आहे. २०२२च्या सुधारणेनंतर अपघाती मृत्यूला दीड लाख, दोन अवयव किंवा दोन्ही डोळे गेले तर एक लाख, एक अवयव किंवा एक डोळा गेला तर पंचाहत्तर हजार. ज्या घराला ते मिळतात त्यांना त्यांचा उपयोग होतो, त्यामुळे नाक मुरडण्यात अर्थ नाही. पण गणिताच्या माणसाला एक गोष्ट खटकते. एक डोळा पंचाहत्तर हजार, दोन डोळे एक लाख. म्हणजे दुसरा डोळा पंचवीस हजारांचा. आंधळं होण्यातलं सगळ्यात मोठं नुकसान दुसऱ्या डोळ्याबरोबर होतं, हे तक्ता करणाऱ्याला माहीत नसेल असं नाही. तक्ता नुकसानीचा नव्हताच, तिजोरीचा होता.

मोबदला हा शब्द मुलाला लावला की आपल्यालाच कसंतरी होतं. तरी लोक तो लावतात. "त्याच्या पायाचे किती आले?" असं पारावर विचारलं जातं, आणि विचारणारा दुष्ट नसतो. जमीन विकल्यावर जसं विचारतात तसंच विचारतो. पण जमीन देणाऱ्याला निदान कागदावर तरी 'नाही' म्हणण्याची संधी असते. पोराला कुणी विचारलं नव्हतं.

ॲरिस्टॉटलने 'निकोमॅखियन एथिक्स'च्या पाचव्या भागात न्यायाचे दोन प्रकार केलेत. एक वाटपाचा न्याय, ज्यात कोण कोण आहे हे बघून वाटा ठरतो. दुसरा दुरुस्तीचा न्याय, ज्यात माणसं कोण आहेत हे बघायचंच नाही, दोघांना समान धरायचं आणि फक्त नुकसान किती झालं ते बघून ते भरून काढायचं. भल्याने बुऱ्याला लुबाडलं की बुऱ्याने भल्याला, फरक पडत नाही. अपघाताची भरपाई या दुसऱ्या खात्यात बसायला हवी. पण उत्पन्नाला गुणायला लागलं की पहिलं खातं मागच्या दाराने आत येतं. मुलाला उत्पन्न नाही म्हणून बापाकडे बघायचं, बाप इंजिनियर असेल तर मुलगा बरं कमावेल, बाप वीटभट्टीवर असेल तर मुलगाही तिथेच, असं धरायचं.

हे मी उगीच म्हणत नाही. ३ मार्च १९८९ला जमशेदपूरला टाटांच्या पोलाद कारखान्यात संस्थापकदिनाच्या कार्यक्रमात मंडपाला आग लागली. साठ माणसं गेली, त्यात मुलंही होती. हा रस्त्यावरचा अपघात नव्हे, पण मुलांच्या किमतीचा विचार तिथे पहिल्यांदा इतका तपशिलात झाला, आणि रस्त्यावरच्या खटल्यांत त्याचे दाखले अजून देतात. भरपाई ठरवायला सर्वोच्च न्यायालयाने आपल्या पुण्याच्या यशवंतराव चंद्रचूडांना नेमलं. ते माजी सरन्यायाधीश होते. २००१ साली न्यायालयाने मुलांसाठीची रक्कम वाढवली. दहा ते पंधरा वयाच्या मुलांचा वर्षाचा हातभार त्यांनी बारा हजार धरला होता, तो न्यायालयाने चोवीस हजार केला. एक कारण असं की कर्मचाऱ्याच्या एका मुलाला कंपनीत नोकरी द्यायची प्रथा तिथे होती. वाढ झाली म्हणून आनंद वाटतो, आणि कारण वाचून मी थांबतो. तीच आग कंपनीबाहेरच्या वस्तीत लागली असती, तर त्याच वयाच्या मुलांचा हातभार निम्माच राहिला असता का?

आमच्या गावात राहून हा प्रश्न टाळता येत नाही. नदीपलीकडे पेरण्याच्या हद्दीत जयस्तंभ आहे. बाबासाहेब आंबेडकर तिथे १ जानेवारी १९२७ला आले होते, आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला महाडला मनुस्मृती जाळली गेली. आता दर वर्षी १ जानेवारीला लाखो माणसं आमच्या रस्त्याने चालत तिथे जातात. माणसाची किंमत जन्मावरून ठरत नाही, हे सांगायलाच तर जातात. गंमत अशी की मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात गाडीच्या अपघाताचाही विचार आहे. गाडीवान अडाणी असेल आणि त्यामुळे कुणाला इजा झाली तर दंड मालकाने भरायचा. आजच्या कायद्याशी हे बरंच जुळतं. फक्त तो दंड राजाकडे जातो, आणि त्याच ग्रंथात एकाच अपराधाची शिक्षा वर्ण बघून बदलते. ते आपण सोडून दिलं. पण अर्जातल्या 'वडिलांचा व्यवसाय' या माहितीवरून वकील जो अंदाज बांधतो, तो त्याच जुन्या सवयीचा सभ्य अवतार आहे, असं मला वाटतं.

याला उत्तर म्हणून दोन वाटा निघाल्या. पहिली सरसकट आकड्याची. २०१३ साली कर्नाटकातल्या एका मुलाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की मुलांच्या बाबतीत उत्पन्नाचा हिशेब मांडणं कठीणच आहे. म्हणून उपचारांचा खर्च वगैरे वेगळा देऊन, अपंगत्वाच्या टक्क्यांवर ठोक रक्कम ठरवली. दहा टक्क्यांपर्यंत एक लाख, तीसपर्यंत तीन, साठपर्यंत चार, नव्वदपर्यंत पाच, त्यावर सहा लाख. इथे बाप कोण हे कुणी विचारत नाही. ॲरिस्टॉटलला हे आवडलं असतं. मला अर्धंच आवडतं, कारण दहा टक्क्यांवरून तीसवर जाताना दोन लाख वाढतात आणि साठवरून नव्वदवर जाताना एकच. जितकं जास्त गेलं तितका प्रत्येक टक्का स्वस्त.

आणि टक्के तरी कशाचे? २०१०च्या एका निकालात न्या. रवींद्रन यांनी हा घोळ फार छान उलगडला आहे. डॉक्टर सांगतो तो अवयवाचा टक्का, न्यायालयाला हवा तो कमावण्याच्या ताकदीचा टक्का. डावा हात गेला तर ड्रायव्हरचं सगळं काम जातं, कारकुनाचं कदाचित जात नाही. प्रमाणपत्रावर आकडा एकच, आयुष्यातला वेगळा. मोठ्या माणसाला हे लागू होतं, कारण तो ड्रायव्हर आहे की कारकून हे ठरलेलं असतं. नऊ वर्षांच्या मुलीचं काय? ती ड्रायव्हर, कारकून, पोलीस, कबड्डीपटू यातलं काहीही होऊ शकली असती. तिचं जे गेलं ते एखादं काम गेलं असं नाही, निवडायची मोकळीक गेली. आता हात नसल्यावर ती जे होईल ते उरलेल्यातून होईल. ती बँकेत लागली आणि भरपूर कमावू लागली, तर नुकसान झालंच नाही असं म्हणायचं का? मला वाटतं, झालं. पगाराच्या भाषेत ते सांगताच येत नाही, एवढंच.

दुसरी वाट गरजेची. हरियाणातल्या एका बारा वर्षांच्या मुलीला २००७ साली अपघात झाला. मेंदूला इतका मार की ती मनाने काही महिन्यांच्या बाळासारखी झाली आणि आयुष्यभर तशीच राहणार. न्यायाधिकरणाने अकरा लाख दिले, उच्च न्यायालयाने पंचवीस, सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२०मध्ये बासष्ट लाखांच्या वर. या निकालातली बेरीज मी सुट्टी सुट्टी करून पाहिली. तिच्या गेलेल्या कमाईचे, कुशल कामगाराचं किमान वेतन धरून, साधारण साडेचौदा लाख होतात. तिला सांभाळायला लागणाऱ्या माणसांचे, महिन्याला दहा हजार आणि गुणक १८ धरून, एकवीस लाख साठ हजार. म्हणजे तिची काळजी तिच्या कमाईपेक्षा मोठी निघाली. मला हे फार महत्त्वाचं वाटतं. मूल काय कमावेल हे कुणालाच माहीत नसतं, ती कल्पना. त्याला उद्यापासून काय लागणार आहे हे मात्र बरंचसं माहीत असतं: कूस बदलायला माणूस, वाढत्या वयाबरोबर बदलावे लागणारे कॅलिपर, दर दोन-तीन वर्षांनी नवा कृत्रिम पाय, कारण मूल वाढतं आणि पाय वाढत नाही. कल्पनेपासून हिशेब सुरू करण्यापेक्षा माहीत असलेल्यापासून करावा.

याच निकालात वेदनेपोटी पंधरा लाख आहेत. तिला वेदना कळतात का, हा प्रश्न कुणी विचारेल. इंग्लंडमध्ये हाच वाद १९६३ साली झाला होता. बेशुद्ध किंवा भान हरपलेल्या माणसाला जगण्यातला आनंद गेल्याचे पैसे द्यायचे का, जर गेलंय हे त्यालाच माहीत नसेल? तिथल्या बहुमताने द्यायचे असं ठरवलं. मला ते पटतं. आपल्या वाट्याचं शेत कुणी ढापलंय हे पोराला माहीत नसलं, तरी ते ढापलेलंच असतं.

गरजेच्या वाटेतही एक खाच आहे, आणि ती फाइली बघितल्याशिवाय दिसत नाही. गरज सिद्ध करायला बिलं लागतात. ज्याने खासगी रुग्णालयात फिजिओथेरपी घेतली त्याच्याकडे बिलं आहेत. ज्याच्या आईनेच सहा महिने तेल चोळून पाय हलवला, तिच्याकडे नाहीत. एका ताईंची फाइल मी पाहिली. सणसवाडीच्या कंपनीतलं काम सोडून त्या घरी बसल्या, मुलाला उचलून संडासला न्यायला. कागदावर त्यांचं कुठेच काही नव्हतं. मी म्हटलं, तुमचा बुडालेला पगार लिहा. त्या म्हणाल्या, "सर, माझं काय लिहायचं? मी आईच आहे ना." आईच्या कामाचे पैसे मागणं त्यांना मुलाच्या जिवावर कमावल्यासारखं वाटत होतं. त्यांना कायदा सांगता आला, पण पटवता आलं नाही.

आता दुसऱ्या बाजूच्या माणसाकडे वळतो, ज्याचा या सगळ्या हिशेबात उल्लेखही नसतो. १९७६ साली बर्नार्ड विल्यम्स आणि थॉमस नेगल या दोन तत्त्वज्ञांनी 'नैतिक नशीब' या विषयावर निबंध वाचले, आणि दोघांच्याही निबंधात एक ट्रकड्रायव्हर येतो ज्याच्या गाडीखाली मूल सापडतं. विल्यम्स म्हणतो, ड्रायव्हरची काही चूक नसली तरी त्याला जे वाटेल ते बघ्याच्या हळहळीपेक्षा वेगळं असेल, आणि असावंच. तसं वाटलं नाही तर त्याच्यात काहीतरी कमी आहे असं आपण म्हणू. नेगल म्हणतो, ब्रेक न तपासता निघालेले ड्रायव्हर पुष्कळ, पण ज्याच्या समोर मूल आलं तोच अपराधी ठरतो.

विल्यम्सचा ड्रायव्हर आमच्या रस्त्यावर असता तर तो पळाला असता. जमाव मारेल म्हणून, आणि ती भीती खोटी नाही. पुढे मालकाचा वकील त्याला बजावतो की दवाखान्यात जाऊ नकोस, गेलास तर कबुली दिल्यासारखं होईल. गाडीचा विमा असतो, पैसे कंपनी भरते. मुलाला कधीतरी पैसे मिळतात, आणि ज्याने पाय तोडला तो आणि ज्याचा तुटला तो एकमेकांना आयुष्यात भेटत नाहीत. "आमच्याकडं साधं कुणी बघायलाही आलं नाही," हे वाक्य मी जितक्या वेळा ऐकलंय तितक्या वेळा 'रक्कम कमी मिळाली' हे नाही. न्यूझीलंडने १९७४पासून चूक कुणाची हे विचारणंच बंद केलं. अपघात झाला की सार्वजनिक निधीतून उपचार आणि भरपाई, दावा नाही. जखमी मुलाच्या दृष्टीने ती पद्धत आपल्यापेक्षा कितीतरी चांगली आहे, याबद्दल मला शंका नाही. पण भेटायला येण्याचं ऋण तीही फेडत नाही, कुठलीच विमा पद्धत फेडू शकत नाही. ते ऋण पैशाचं नाहीच, आणि पैशात मिटवायला गेलं की त्याची 'तोडपाणी' होते.

आणि गाडीचा नंबर दिसलाच नाही तर? मग गंभीर दुखापतीला पन्नास हजार, मृत्यूला दोन लाख. १ एप्रिल २०२२च्या आधी साडेबारा आणि पंचवीस हजार होते. तोच पाय, तोच रस्ता, तीच वेळ. नंबर वाचणारं कुणीतरी टपरीवर उभं होतं की नव्हतं, एवढ्यावर मुलाचं पुढचं आयुष्य बदलतं. नेगलने ड्रायव्हरच्या नशिबाबद्दल लिहिलं, मुलाच्या नशिबाबद्दल फारसं नाही.

सप्टेंबर २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गुजरातमधल्या आठ वर्षांच्या मुलाच्या खटल्यात सांगितलं की मूल दगावलं किंवा त्याला कायमचं अपंगत्व आलं, तर त्याचं उत्पन्न त्या राज्यातल्या कुशल कामगाराच्या किमान वेतनाइतकं धरावं. काल्पनिक पंधरा हजारांच्या मानाने ही फार मोठी उडी आहे. यात एक गोष्ट मला मनापासून आवडली. बिगारी काम करणाऱ्याचं पोरही कुशल कामगार होईल असं न्यायालयाने गृहीत धरलं, बाप आहे तिथेच पोर राहील असं धरलं नाही.

पण मी गणिताचा माणूस, त्यामुळे लगेच पुढचा प्रश्न. २२ डिसेंबर २०२४च्या मध्यरात्रीनंतर वाघोलीत केसनंद फाट्याजवळ फुटपाथवर झोपलेल्या मजुरांवर डंपर चढला. तिघं गेले, त्यात दोन अगदी लहान मुलं. सहा जण जखमी झाले. ही माणसं अमरावतीकडून कामासाठी आलेली होती. महाराष्ट्रात किमान वेतन बऱ्याच उद्योगांत परिमंडळाप्रमाणे ठरतं: महापालिकेच्या हद्दीत जास्त, ग्रामपंचायतीच्या हद्दीत कमी. वाघोली २०२१मध्ये पुणे महापालिकेत गेली. कोरेगाव भीमा अजून ग्रामपंचायत आहे. तेव्हा याच रस्त्यावर थोडं अलीकडे किंवा थोडं पलीकडे सापडलेल्या मुलाला कुठलं परिमंडळ लावायचं, अपघात झाला तिथलं, की त्याच्या आईबापाचं गाव आहे तिथलं? परवा एका वकिलांना हे विचारलं. ते म्हणाले, "सर, अजून तरी कुणी हा मुद्दा काढलेला मी पाहिला नाही. विमा कंपनीला सुचेपर्यंत तुम्हीही काढू नका."